पत्र्याखालच्या पाईपला सुटणारा घाम : प्रकल्प नोंदी

२४ नोव्हेंबर २०२४, रविवार

आई आंघोळ करून बाहेर आल्या आणि पदराने मान पुसत म्हणाल्या, "वर पुन्हा गळायला लागलंय गं. थेट मानेवर थेंब पडला, बर्फासारखा गार."

सासूबाईंना मी आईच म्हणते. वय ७४, गुडघे दुखरे. खालच्या न्हाणीपर्यंत जिना उतरणं जमेना, म्हणून तीन वर्षांपूर्वी वरच्या मजल्यावर त्यांच्या खोलीला लागून बाथरूम करून घेतली. घर पंचवटीतलं, जुनं. वर पूर्वी कौलं होती, आता पत्रा आहे. पत्र्याखाली माळा, माळ्याखाली पीओपीचं छत आणि त्या छतात एक्झॉस्ट फॅन. फॅनपासून ४ इंची पाईप माळ्यातून जाऊन पत्र्याबाहेर निघतो, त्यावर टोपी. थेंब पडतो तो फॅनच्या जाळीतून. जाळीभोवती पीओपीवर चहाच्या रंगाचं कडं उमटलंय. गेल्या हिवाळ्यात ते वाटीएवढं होतं, आता ताटलीएवढं झालंय.

मार्चमध्ये वॉटरप्रूफिंगवाल्यांना बोलावलं होतं. त्यांनी खालूनच मान वर करून पाहिलं, "पाईपाच्या भोकातून गळतंय" म्हणाले, वर जाऊन पाईपाभोवती केमिकल आणि डांबर थापलं आणि २,८०० रुपये घेतले. पावसाळा कोरडा गेला, तेव्हा वाटलं काम झालं. आज अण्णांनी, म्हणजे सासऱ्यांनी, आठवण करून दिली की त्याच्या आधीच्या पावसाळ्यातही एक थेंब पडला नव्हता.

म्हणजे चार महिने पाऊस झोडपत असतो तेव्हा छत कोरडं, आणि आभाळ निरभ्र असताना, थंडी सुरू झाली की गळती. हे पावसाचं पाणी नाही. कारखान्यात काही बिघडलं की आम्ही आधी मोजतो, मग हात लावतो. घरातही आता तसंच करायचं ठरवलं. म्हणून ही वही.

२५ नोव्हेंबर, सोमवार

पहाटे ६ ला, कोणाची आंघोळ व्हायच्या आत, बॅटरी घेऊन माळ्यावर चढले. जे पाहिलं ते नीट लिहून ठेवते.

पाईप ॲल्युमिनियमचा, सुरळीसारखा घड्यांचा, ताणला की लांब होणारा. दोन वाशांमध्ये त्याला आधारच दिलेला नाही, त्यामुळे मधोमध झोळ पडलाय. झोळावर बोटाने टिचकी मारली तर आवाज बद्द आला, भरलेल्या तांब्यासारखा. बाकी पाईप पोकळ वाजतो. खाली घमेलं धरून फॅनकडचा पट्टा सैल केला आणि पाईप वाकवला. पाणी आलं. मापाने मोजलं, ३१० मिली. रंग गढूळ, वर टॉवेलच्या धाग्यांचा लगदा, आणि वास स्पष्ट साबणाचा. पावसाच्या पाण्याला चंदनाच्या साबणाचा वास येत नाही. तिथेच माझी खात्री पटली.

आत बॅटरी मारली तर प्रत्येक घडीत पाण्याची एकेक बारीक रेघ अडकलेली. घड्यांमुळे पाणी धड पुढेही जात नाही, धड मागेही येत नाही. झोळ भरला की मात्र ते फॅनच्या बाजूने ओघळतं, कारण तिथे पाईप उतरता आहे.

आणखी एक गोष्ट दिसली. पत्रा बसवलेल्या स्क्रूंची टोकं माळ्यात खाली आलेली आहेत. फॅनजवळच्या सात-आठ टोकांवर एकेक टपोरा थेंब लोंबत होता. पलीकडे, आईंच्या खोलीवरच्या बाजूला, सगळी टोकं कोरडी. फॅन आणि पाईप यांचा सांधा नुसता पट्ट्याने आवळलेला आहे, त्यातून वाफ माळ्यात झिरपते आणि जे सगळ्यात गार असेल त्यावर जाऊन बसते.

२८ नोव्हेंबर, गुरुवार

तापमान आणि आर्द्रता दाखवणारी दोन छोटी यंत्रं आणली. एक फॅनच्या तोंडाशी, एक माळ्यात. झोळाच्या तळाला भोक पाडून नळी लावली आणि खाली बाटली टांगली, म्हणजे रोजचं पाणी मोजता येईल.

आज सकाळी ७ वाजता माळ्यात ११ अंश. आंघोळ चालू असताना फॅनच्या तोंडाशी २४ अंश, आर्द्रता ८८ टक्के. बाटलीत तीन आंघोळींनंतर ४४ मिली.

हिशेब असा. २४ अंशांच्या एक घनमीटर हवेत जास्तीत जास्त २२ ग्रॅमच्या आसपास वाफ मावते. ८८ टक्के म्हणजे साधारण १९ ग्रॅम. तीच हवा ११ अंशांपर्यंत गार झाली तर तिच्यात मावते फक्त १० ग्रॅम. उरलेल्या ९ ग्रॅमला पाणी होण्यावाचून गती नाही. अर्थात पाईपमधून हवा काही सेकंदांत निघून जाते, सगळी एवढी गार होत नाही. पण जी हवा पाईपाच्या भिंतीला घासून जाते ती गार होते, आणि तिचं पाणी भिंतीवरच बसतं. या हवेचा दवबिंदू २२ अंशांच्या जवळ येतो. म्हणजे पाईपाची आतली भिंत २२ च्या खाली गेली की घाम सुटणार.

संध्याकाळी हे सगळं अण्णांना सांगत होते. त्यांनी माझं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "उन्हाळ्यात गार पाण्याचा तांब्या भरून ठेवला की बाहेरून ओला होतो. तो काय गळका असतो? इथे तांब्या उलटा झालाय, एवढंच. गार बाहेर आणि वाफ आत." याहून चांगलं मला सांगता आलं नसतं.

मग त्यांनी जुनी गोष्ट सांगितली. खाली न्हाणीत तांब्याचा बंब होता, घरातली सगळी माणसं तिथेच आंघोळ करायची, वाफेने समोरचं माणूस दिसायचं नाही. पण वर कौलं होती. दोन कौलांमध्ये फट असतेच, वाफ तिथूनच निघून जायची. पत्रा आला, पीओपी आलं, घर बंद झालं. वाफेला आम्ही एकच वाट ठेवली, आणि ती वाट गार माळ्यातून नेली.

३ डिसेंबर, मंगळवार

दोन दिवस आभाळ भरलेलं, हवा कोंदट. सकाळी माळ्यात १८ अंश. बाटलीत ८ मिली. जाळीतून थेंब नाही.

हे महत्त्वाचं आहे. स्वच्छ आभाळाच्या रात्री पत्रा आपली उष्णता सरळ आकाशाकडे सोडत राहतो आणि भोवतालच्या हवेपेक्षाही गार होतो. पहाटे गाडीच्या टपावर दव पडतं ते याच कारणाने. ढग असले की ते पांघरुणासारखं काम करतात, पत्रा एवढा गारठत नाही. म्हणजे आमची खरी अडचण वर्षातल्या थोड्याच दिवसांची आहे : नोव्हेंबर ते फेब्रुवारी, आभाळ निरभ्र आणि वेळ पहाट ते सकाळी ९. निफाडकडे पारा उतरला आणि द्राक्षबागांत शेकोट्या पेटल्या की समजायचं, आमच्या छतातून थेंब येणार.

८ डिसेंबर, रविवार

काय करायचं यावर घरात दिवसभर चर्चा.

फॅन बंद ठेवावा, असं मुलाचं म्हणणं. नको. मग सगळी वाफ भिंतीवर आणि छतावर बसेल, महिन्याभरात काळी बुरशी धरेल, आणि आईंना आधीच दम्याचा त्रास आहे.

पाईप माळ्यातच मोकळा सोडावा, असं एका नातेवाइकांनी सुचवलं. त्यांच्याकडे तसंच आहे. ते मात्र अजिबात करायचं नाही. माझ्या मते ही सगळ्यात वाईट चूक, कारण ती दिसत नाही. वाफ माळ्यात शिरते, पत्र्याच्या पोटाला चिकटते, तिथून वाशांवर ठिबकते. आमचे वाशे सागवानी आहेत, आढं तर अण्णांच्या वडिलांच्या काळातलं. स्क्रूंच्या टोकांवरचे थेंब आठवले की मला त्या लाकडाची काळजी वाटते.

पाईप आडवा भिंतीतून बाहेर काढणं सगळ्यात सोपं. पण ती भिंत शेजाऱ्यांबरोबर सामाईक आहे. तो मार्ग बंद.

राहिलं ते एकच : पाईप पत्र्यातूनच न्यायचा, पण त्याला उबदार ठेवायचं, आणि तरीही जे पाणी होईल त्याला आईंच्या मानेखेरीज दुसरी वाट द्यायची.

ही दुसरी गोष्ट मला आमच्याच छतावर सापडली. त्याच पत्र्यातून, दोन हातांवर, संडासाच्या लाईनचा व्हेंट पाईप वर जातो. तोही ४ इंची, तोही पत्र्याबाहेर उघडा, आतली हवा तितकीच ओली. त्याने कधीच त्रास दिला नाही. का? त्यातही घाम सुटत असणारच. पण तो पाईप सरळ उभा आहे आणि खाली चेंबरला जोडलेला. पाणी भिंतीवरून ओघळून आपोआप गटारात जातं, कोणाला कळतही नाही. आमच्या फॅनच्या पाईपाला खाली चेंबर नाही, खाली माणूस आहे.

१५ डिसेंबर, रविवार

पहिला टप्पा झाला. प्लंबर मामा सकाळी ९ ला आले, निघाले ४ ला.

ॲल्युमिनियमचा पाईप काढून टाकला. त्याच्या जागी ११० मिलिमीटरचा पीव्हीसी : फॅनपासून २ मीटर आडवा, मग उभा, पत्र्यापर्यंत सव्वा मीटर. जिथे आडवा पाईप उभ्याला मिळतो तिथे एल्बोऐवजी (साध्या वाकणाऐवजी) टी, म्हणजे तीन तोंडांचा जोड बसवला. टीचं खालचं तोंड बुचाने बंद केलं आणि बुचात अर्ध्या इंचाची नळी. सध्या नळीखाली बाटली, नंतर ती पन्हळीत सोडायची.

उतारावरून मामांचं आणि माझं थोडं वाजलं. त्यांना फॅनकडे उतार हवा होता, "हवा वर चढायला सोपं जातं" म्हणून. मी म्हटलं, "मामा, हवा फॅन ढकलतो, तिला उताराची गरज नाही. उताराची गरज पाण्याला." शेवटी फॅनपासून टीकडे उतार दिला, २ मीटरला ४ सेंटीमीटर. दर फुटाला वाशाला टांगून घेतला, पुन्हा झोळ नको.

पण मामांनी एक गोष्ट अशी केली की मला सुचली नसती. मी पाईपांचे तुकडे हातात देत होते आणि ते प्रत्येक तुकडा उलटा करून घेत होते. विचारलं तर म्हणाले, "ताई, सॉकेट, म्हणजे पाईपाचं रुंद टोक, नेहमी पाणी येतं त्या बाजूला तोंड करून. वरचा पाईप खालच्याच्या आत बसला पाहिजे. उलटं लावलं तर पाणी ओघळत सांध्यात शिरणार आणि बाहेर टपकणार." हवेचा पाईप लावणारे बहुतेक लोक हे पाहत नाहीत, कारण त्यांच्या डोक्यात पाणी नसतंच. सांडपाण्याची कामं करणाऱ्या माणसाकडून हे काम करून घेतलं, बरं झालं.

फॅनच्या तोंडाशी रबरी कपलिंग. पट्टा आवळून सांध्याभोवती उदबत्ती फिरवली, धूर कुठेही हलला नाही.

१८ डिसेंबर, बुधवार

माळ्यात ९ अंश. बाटलीत आज ३९, काल ३६. जाळीतून एकही थेंब नाही, आईंनी मुद्दाम हात वर धरून पाहिला.

म्हणजे पाण्याला वाट मिळाली, पण पाणी व्हायचं थांबलेलं नाही. "प्लास्टिकचा पाईप लावा, त्याला घाम येत नाही" असं दुकानात ठामपणे सांगितलं होतं. ते अर्धवट खरं आहे. पीव्हीसीतून उष्णता ॲल्युमिनियमच्या मानाने हजार पटींहून कमी वाहते हे बरोबर. पण पाईपाची भिंत दोन-अडीच मिलिमीटर जाडीची. एवढ्याशा जाडीत ती काय अडवणार? कांबळं आणि धोतर दोन्ही कापडच, फरक जाडीचा आणि आत धरलेल्या हवेचा. पीव्हीसीच्या बाहेरच्या अंगाला थर्मामीटर चिकटवून पाहिला : १७ अंश. दवबिंदू २२. घाम येणारच.

पीव्हीसीचा खरा फायदा वेगळा. आतून गुळगुळीत असल्याने पाणी अडकत नाही आणि हवेला अडथळा कमी. टोपीतून निघणारा झोत आता गच्चीवरून हाताला जाणवतो, पूर्वी कळतही नव्हता.

२२ डिसेंबर, रविवार

आज कांबळं घातलं.

सातपूरला एसीचं सामान मिळतं त्या दुकानातून काळ्या नायट्राइल रबराचा १९ मिलिमीटर जाडीचा शीट आणला. एसीच्या तांब्याच्या नळ्यांवर असतं तेच, फक्त जाड. यातले बुडबुडे एकमेकांपासून बंद असतात, म्हणून पाणी शोषत नाही. काचलोकर स्वस्त पडली असती, पण ती एकदा ओली झाली की निरुपयोगी, आणि माळ्यात तिची कुसं उडणार.

कापायचं माप काढायची पद्धत दुकानदारांनीच दाखवली, फार उपयोगी पडली. त्याच शीटची एक पट्टी कापून पाईपाभोवती न ताणता गुंडाळायची, टोकं जिथे भेटतात तिथे खूण करायची आणि मग पट्टी सपाट ठेवून मोजायची. आमचं माप भरलं ४१ सेंटीमीटर. नुसत्या पाईपाचा घेर मोजून कापलं असतं तर सहा सेंटीमीटर कमी पडलं असतं. रबर ताणून चिकटवलं तर पुढे ते आकसतं आणि सांधा उघडतो. सांधा उघडला की तेवढीच चीर गार राहणार, आणि सगळा घाम तिथे.

चिकटवताना दोन्ही कडांना गोंद लावून पाच-सात मिनिटं थांबायचं, बोटाला चिकटेनासा झाला की कडा दाबायच्या. मुलाने बॅटरी धरली, मी दाबत गेले. सांधा पाईपाच्या वरच्या अंगाला ठेवला आणि वरून टेप. टीच्या खांद्यांपाशी तुकडे कापून बसवायला सगळ्यात जास्त वेळ गेला. दीड तास एका टीवर! पण तिथे घाई केली नाही.

पत्र्याजवळचा शेवटचा वीतभर भाग मात्र उघडा ठेवला. मेमध्ये दुपारी पत्र्याला हात लावता येत नाही, रबर त्याला टेकलं तर टिकेल का अशी शंका आली.

२५ डिसेंबर, बुधवार

नाताळची सुटी. बाटलीत काल ११, आज ९. रबर आणि पाईप यांच्यामध्ये खुपसलेला थर्मामीटर आंघोळीच्या वेळी २१ अंश दाखवतो. पूर्वी १७ होता. केवढा फरक.

पण मग हे ९ मिली कुठून? पहिली दोन-तीन मिनिटं पाईप रात्रीचा गारठलेला असतो, तो गरम होईपर्यंत थोडं पाणी होणार, हे धरलंच होतं. तरी ९ जास्त वाटतात. सगळ्यांच्या आंघोळी झाल्यावर वर गेले आणि टीचं बूच काढून आरसा आणि बॅटरी धरून उभ्या पाईपात वर पाहिलं. खालची भिंत नुसती दमट, धुके धरल्यासारखी. वर, जिथे मी वीतभर उघडं ठेवलं होतं तिथून पुढे, मोत्यांसारखे थेंब दाट बसलेले. माझ्यासमोरच दोन थेंब एकमेकांत मिसळले, जड झाले आणि एक रेघ ओढत खाली आले, वाटेतल्या सगळ्यांना पोटात घेत. ती रेघ माझ्या अंगठ्यापाशी येऊन थांबली.

सगळं अंग झाकलं आणि डोकं उघडं ठेवलं, असं झालं. तो वीतभर भाग गार पत्र्याला टेकलेला आहे. आणि पत्र्यावरचा दीड फूट पाईप तर रात्रभर उघड्या आकाशाखाली.

२९ डिसेंबर, रविवार

पत्र्याचं काम करणाऱ्या भाऊंना बोलावलं. आज मीही वर होते.

मार्चमधलं डांबर आधी खरवडून काढलं. त्याला उन्हाने भेगा पडल्या होत्या. पत्रा उन्हाने ताणतो, रात्री आकसतो, रोजच्या रोज. त्यावर कडक होणारं काहीही टिकत नाही. तिथे लागतं ते त्याच्याबरोबर हलणारं.

भोक मोठं केलं. ११० च्या पाईपावर १९ मिलिमीटर रबर सगळीकडून, म्हणजे जाडी १४८ झाली. त्यावर १६० मिलिमीटरचा पीव्हीसी पाईप मोज्यासारखा चढवला, अगदी अंगाबरोबर बसला. हा बाहेरचा पाईप पत्र्याला टेकतो, आतला टेकत नाही. नायट्राइलला ऊन मानवत नाही, काही वर्षांत ते तडकून भुगा होतं, म्हणून पत्र्यावर त्याला असं झाकणं भागच होतं. पाईपाभोवती भाऊंनी जस्ती पत्र्याची कॉलर केली. तिची वरची कड आढ्याकडच्या पत्र्याखाली सरकवली, खालची कड खालच्या पत्र्यावर ठेवली, म्हणजे पाणी कौलांवरून उतरावं तसं कॉलरवरून उतरेल. सांध्याला मऊ राहणारी ब्युटाइल टेप. डांबर कुठेही नाही.

टोपी पुन्हा बसवताना आतली बारीक जाळी काढून चिमण्या शिरणार नाहीत एवढी मोठी जाळी लावली. बारीक जाळी धाग्यांनी निम्मी बुजली होती.

वरून काळाराम मंदिराचा कळस दिसतो. काम संपलं तेव्हा ऊन त्यावर होतं. दहा मिनिटं तिथेच बसले.

५ जानेवारी २०२५, रविवार

बाटलीत ३, २, ३. पाईपाचं काम इथे संपलं असं म्हणता येईल.

पण फॅन किती वेळ चालतो हा भाग राहिलाच. आंघोळ झाली की आपण बटण बंद करतो. बाथरूममध्ये वाफ तशीच, पाईपात ओलसर हवा तशीच, आणि पाईप पुन्हा गारठू लागतो. आंघोळीनंतर २० मिनिटं फॅन चालला तर आधी जमलेली ओल त्याच हवेने वाळते. इलेक्ट्रिशियन दादांकडून टायमर बसवून घेतला.

दाराचाही प्रश्न होता. दार बंद केलं की उदबत्तीचा धूर फॅनकडे जायचाच नाही, नुसता घुटमळायचा. आत हवा आल्याशिवाय बाहेर जाणार कुठून? सुतारांकडून दाराचा खालचा भाग २ सेंटीमीटर कापून घेतला. आता धूर सरळ रेघेत वर जातो.

आईंना मात्र हे पटेना. "अंग ओलं असताना वारा लागतो गं," म्हणाल्या. दोन दिवस त्या आत गेल्या की बटण बंद करत होत्या, मला बाटलीवरून कळलं. त्यांचं खरंच आहे. डिसेंबर-जानेवारीत, या वयात, ओल्या अंगावर गार हवेचा झोत नकोच. त्यांच्यासाठी वेगळं ठरवलं : त्यांनी आंघोळ फॅनशिवाय करायची, कपडे घालून बाहेर येताना बटण दाबायचं, टायमर २५ मिनिटांनी आपोआप बंद करेल. अशा दिवशी बाटलीत ५ येतात. येऊ देत.

१४ जानेवारी, मंगळवार, संक्रांत

माळ्यात ७.५ अंश, या हिवाळ्यातलं सगळ्यात कमी. घरात पाहुणे. तिळाचं उटणं लावून वरच्या बाथरूममध्ये सकाळपासून सहा आंघोळी झाल्या, कढत पाण्याच्या. एवढी वाफ एरवी एका दिवसात होत नाही. बाटलीत ७ मिली. जाळी कोरडी, छत कोरडं, स्क्रूंची टोकंही कोरडी.

२ फेब्रुवारी, रविवार

पीओपीचं कडं पूर्ण वाळलं. हाताने ठोकून पाहिलं, आवाज खणखणीत. सैल पापुद्रे खरवडले, बुरशीचं औषध मारलं, दोन दिवस जाऊ दिले, मग पुट्टी आणि रंग. हे काम आधी केलं असतं तर वाया गेलं असतं.

सगळा खर्च, मजुरीसकट, ९,२०० रुपये. यातला सगळ्यात मोठा वाटा पत्र्याच्या कॉलरचा आणि नायट्राइलचा. गल्लीतल्या दोघींनी विचारलं, त्यांच्याकडेही पत्रा आणि पीओपी आहे. त्यांना सांगितलं की पहिला खर्च पाईपावर करू नका. आठवडाभर लिहून ठेवा, थेंब कोणत्या दिवशी पडतो : पावसाच्या की थंडीच्या. आणि एकदा ते पाणी बोटावर घेऊन वास घ्या.

२२ जून, रविवार

पावसाने चांगलंच झोडपलं. गोदेला पाणी आलं की पंचवटीत जो तो नदीपात्रातल्या दुतोंड्या मारुतीला कुठवर पाणी लागलं ते विचारतो, या आठवड्यात तेच चाललंय.

पाऊस थोडा थांबल्यावर माळ्यावर गेले. बाहेरची आर्द्रता ९४ टक्के, हिवाळ्यात कधीच एवढी नव्हती. पण माळ्यात २६ अंश. पाईप गार नाही, म्हणून घाम नाही. बाटली कोरडी, तळाशी धूळ. कॉलरभोवती हात फिरवला, वाशांवरून फिरवला, कुठेही ओल नाही. टीच्या बुचापाशी एका कोळ्याने जाळं विणलंय, त्यावरही एक थेंब नव्हता.

बाटली काढून घेतली. नळी वाशाच्या कडेने नेऊन पन्हळीत सोडली, टोकाला डासांसाठी जाळीचा तुकडा बांधला. खाली आले तर आई विचारत होत्या, "काय गं, गळतंय का?" म्हटलं, "नाही." त्या टॉवेल खांद्यावर टाकून आंघोळीला गेल्या. मग फॅन सुरू झाल्याचा आवाज आला. पावसाळ्यात त्यांना वारा चालतो.